विस्थापिताची साक्ष आणि विस्थापिताची पटकथा

स्थलांतरित पटकथाकाराने विस्थापनावर लिहिलेला एखादा स्वतंत्र चित्रपट महोत्सवात गाजला की त्याच्याभोवती एक वाद ठरलेल्या क्रमाने सुरू होतो. एक बाजू म्हणते, ही कथा सांगण्याचा अधिकार ज्याने ती भोगली त्याचाच आहे; इतरांनी तिला हात लावू नये. दुसरी बाजू म्हणते, अस्मितेचे हे प्रदर्शन आता पुरे झाले; देश सुटल्याचे दुःख हे महोत्सवांतले चलनी नाणे आहे आणि लेखक ते हवे तसे खर्चत आहेत. दोन्ही बाजू तावातावाने भांडतात, पण एक गोष्ट दोघींनी न बोलता मान्य केलेली असते, ती अशी की अशा पटकथेचे मोल लेखकाच्या चरित्रात साठवलेले असते. पहिली बाजू त्या चरित्राला प्रमाणपत्र समजते, दुसरी भांडवल समजते, आणि या गदारोळात पटकथा वाचायची राहून जाते. माझे म्हणणे असे आहे की स्थलांतरित लेखकाकडून चित्रपटाचे जग आज प्रामुख्याने साक्ष मागते. ती मागणी जोवर कायम आहे तोवर विस्थापनावर कितीही चित्रपट निघोत, विस्थापनाविषयीची आपली समज जागची फारशी हलणार नाही.

ही मागणी कुठून येते, ते आधी पाहू. निर्वासितांविषयीच्या १९५१ च्या जिनिव्हा करारानुसार आश्रय मागणाऱ्याला वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गट किंवा राजकीय मत यांपैकी कशामुळे तरी आपला छळ होईल अशी सार्थ भीती आहे, हे दाखवून द्यावे लागते. कागदपत्रे बहुधा मागेच राहिलेली असतात, त्यामुळे हाती उरते ती फक्त हकिगत. अधिकारी त्या हकिगतीचा कालक्रम तपासतो, तपशील ताडून पाहतो, दोन वेळच्या सांगण्यात फरक पडला की भुवई उंचावतो. हकिगत सुसंगत हवी, तिच्यात यातना पुरेशी हवी आणि सांगणारा शक्यतो निर्मळ हवा. आता स्वतंत्र चित्रपटाच्या निधीसाठी भरायचा अर्ज आठवून पाहा. पटकथेबरोबर लेखकाचे निवेदन मागितले जाते: या विषयाशी तुमचे नाते काय, ही कथा तुम्हीच का सांगावी, आत्ताच का सांगावी? दोन्हींची किंमत सारखी नाही, हे उघड आहे. एका ठिकाणी माणूस परत पाठवला जातो, दुसऱ्या ठिकाणी एक चित्रपट होत नाही, एवढेच. पण दोन्ही टेबलांवर अपेक्षा तीच असते. सोसलेले सांगा, ते खरे वाटेल असे सांगा, आणि ऐकणाऱ्याला आपण भला माणूस आहोत असे वाटेल अशा बेताने सांगा.

या साम्याची जाणीव असलेला एक चित्रपट अलीकडेच येऊन गेला. सुलेमान नावाच्या गिनीहून आलेल्या तरुणाची ही फ्रेंच कथा २०२४ मध्ये कान महोत्सवात दाखवली गेली. पॅरिसच्या रस्त्यांवर सायकलवरून जेवणाचे डबे पोहोचवणारा सुलेमान आश्रयाच्या मुलाखतीसाठी एका दलालाकडून विकत घेतलेली राजकीय छळाची गोष्ट पाठ करत असतो. त्याची स्वतःची गोष्ट खरी आहे, पण सरकारी चौकटीत न बसणारी. विकत घेतलेली खोटी आहे, पण चौकटीत नेमकी बसणारी. ही भूमिका करणारा अबू संगारे स्वतः गिनीहून आलेला होता. कानमध्ये अभिनयाचे पारितोषिक स्वीकारताना त्याच्याकडे फ्रान्समध्ये राहण्याचा परवाना नव्हता. तो मिळायला २०२५ उजाडले. पटकथा मात्र बोरिस लोज्किन आणि देल्फिन आग्यू या फ्रेंच लेखकांची. पहिल्या बाजूने या चित्रपटाचे काय करायचे? लेखकांनी हे भोगलेले नाही म्हणून तो नाकारायचा, की नटाने भोगलेले आहे म्हणून स्वीकारायचा? दोन्ही उत्तरे हास्यास्पद आहेत, कारण चित्रपटाचे बळ तिसरीकडेच आहे: साक्षीची सक्ती माणसाला त्याच्याच आयुष्याचा अनुवाद करायला कशी लावते, हे पटकथेच्या रचनेतून दिसते.

तरीही पहिल्या बाजूचा मुद्दा हलका नाही. स्थलांतरितांबद्दल इतरांनी लिहिलेल्या चित्रपटांचा इतिहास बव्हंशी लाजिरवाणा आहे. १९३७ च्या ‘द गुड अर्थ’मध्ये चिनी शेतकरी कुटुंबातील प्रमुख भूमिका गोऱ्या नटनट्यांना रंग फासून दिल्या गेल्या आणि त्यातल्या नायिकेच्या भूमिकेला ऑस्कर मिळाले, तर लॉस एंजेलिसमध्ये जन्मलेली, त्या काळी प्रसिद्ध असलेली चिनी वंशाची अभिनेत्री ॲना मे वाँग बाजूलाच राहिली. विनोदी उच्चार करणारा दुकानदार, गूढ हसणारा नोकर, धर्मांध बाप ही पात्रे कुणाच्या निरीक्षणातून नव्हे, तर आळसातून आली. अशा परंपरेत ज्यांनी भोगले त्यांना आधी बोलू द्या, ही मागणी न्याय्य होती आणि आजही आहे. शिवाय अनुभव लेखकाला असे काही देतो जे संशोधनाने सहजी मिळत नाही, हेही मान्य केले पाहिजे. प्रश्न एवढाच की अनुभव जे देतो त्याचे पुढे काय होते.

बिली वाइल्डरचे उदाहरण यासाठी फार उपयोगी आहे. हिटलर सत्तेवर आल्यावर १९३३ मध्ये तो बर्लिनहून पॅरिसला पळाला, पुढच्या वर्षी तात्पुरत्या व्हिसावर अमेरिकेत गेला आणि कायमच्या प्रवेशासाठी त्याला सीमेपलीकडच्या मेक्सिकाली गावी जाऊन थांबावे लागले. जवळ पुरेशी कागदपत्रे नव्हती. वाइल्डरने १९८८ च्या ऑस्कर समारंभात सांगितल्याप्रमाणे तिथल्या अमेरिकन अधिकाऱ्याने त्याला व्यवसाय विचारला, त्याने चित्रपट लिहितो असे सांगितले, आणि अधिकाऱ्याने शिक्का मारून ‘चांगले लिहा’ एवढेच म्हटले. (वाइल्डर हा पट्टीचा गोष्टीवेल्हाळ होता, तेव्हा प्रसंग थोडा घासूनपुसून सांगितला असणे शक्य आहे.) या अनुभवाची पटकथा त्याने चार्ल्स ब्रॅकेटबरोबर लिहिली, ती १९४१ च्या ‘होल्ड बॅक द डॉन’ची. तिचा नायक व्हिसाची वाट पाहत सीमेवरच्या गावात अडकलेला रुमानियन आहे, पण तो दयेला पात्र असा छळ झालेला सज्जन नाही. तो बायकांच्या जिवावर जगणारा इसम आहे आणि अमेरिकेत शिरता यावे म्हणून एका भाबड्या शिक्षिकेला फसवून तिच्याशी लग्न करतो. ही संपूर्ण कथा तो एका चित्रपट-दिग्दर्शकाला विकायला आला आहे, अशा चौकटीत ती सांगितली जाते. म्हणजे विस्थापिताची कहाणी हा विक्रीचा माल होतो, हे या पटकथेला त्या काळीच कळलेले होते.

त्या पटकथेत एक प्रसंग होता. हॉटेलच्या कोंदट खोलीत अडकलेला नायक भिंतीवरून चाललेल्या झुरळाला काठीने अडवतो आणि सीमेवरच्या अधिकाऱ्याच्या थाटात त्याची चौकशी करतो: कुठे निघालास, व्हिसा आहे का? प्रमुख नट शार्ल ब्वाये याने झुरळाशी बोलायला नकार दिला, दिग्दर्शक मिचेल लायझनने त्याचे ऐकले आणि प्रसंग गेला. आपली पटकथा वाचवायची तर दिग्दर्शन आपणच केले पाहिजे, असे वाइल्डरने त्या सुमारास ठरवले, असे सांगतात. मला या प्रसंगात सगळा वाद दिसतो. व्हिसाची वाट पाहणाऱ्याची हतबलता वाइल्डरला ठाऊक होती. पण ती सांगायला त्याने अश्रू वापरले नाहीत, अधिकार गाजवण्याची भुकेली हौस वापरली. ज्याला रोज अडवले जाते त्याला अडवायला एक झुरळ मिळते. हे अनुभवातून आलेले असेलही, पण अनुभव कितीजणांकडे होता! साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभ्या असलेल्या माणसाला असे क्रूर विनोदी सत्य परवडत नाही. आणखी एक गोष्ट अनुभवाच्या मालकीवर बोलणाऱ्यांनी लक्षात घ्यावी: या चित्रपटाची मूळ कथा केटी फ्रिंग्ज या अमेरिकन लेखिकेची होती, आणि ती तिच्या जर्मन नवऱ्याच्या मेक्सिकोतल्या अडकण्यावर बेतलेली होती. एका चित्रपटात किती जणांचा अनुभव मिसळला, याची वाटणी कोणी आणि कशी करायची?

साक्ष मागणारे फक्त निर्माते असतात असेही नाही. स्वतःचा समाजही ती मागतो आणि त्याची मागणी अधिक कडक असते. हनीफ कुरेशी हा स्थलांतरिताचा मुलगा, इंग्लंडमध्येच जन्मलेला. त्याने लिहिलेला ‘माय ब्यूटिफुल लाँड्रेट’ हा १९८५ चा चित्रपट दूरचित्रवाणीसाठी कमी पैशात, १६ मिमी फिल्मवर केलेला. त्यात पाकिस्तानी काका भाडेकरूंना घराबाहेर काढणारा घरमालक आहे, पुतण्याचे प्रेम एका गोऱ्या मुलावर आहे, आणि तो गोरा मुलगा पूर्वी वंशद्वेष्ट्यांच्या मोर्चात चाललेला आहे. काकाच्या सांगण्यावरून तो ज्यांना बाहेर काढतो त्यांत एक पाकिस्तानी कवीही असतो. न्यूयॉर्कमध्ये पाकिस्तानी समाजातल्या काहींनी चित्रपटाविरुद्ध निदर्शने केली, आम्हाला असे का दाखवता म्हणून. त्यांची भीती मला समजते. ज्यांची प्रतिमा आधीच मलिन केली गेली आहे त्यांना आपल्याच माणसाकडून आणखी डाग नको असतो. पण कुरेशीने त्यांचे ऐकले असते तर काय हाती लागले असते? छळ सोसणाऱ्या कष्टाळू कुटुंबाची एक आदरणीय गोष्ट, जी पाहून गोऱ्या प्रेक्षकाला दया आली असती आणि स्थलांतरित प्रेक्षकाला बरे वाटले असते. विस्थापित माणूस दुसऱ्याला विस्थापित करू शकतो, पैसा हाती येताच त्याची निष्ठा बदलू शकते, आणि तरीही त्याच्यावर होणारा अन्याय अन्यायच राहतो, हे मात्र कुणाला दिसले नसते.

मराठी वाचकाला हा पेच अनोळखी वाटू नये. दलित आत्मकथनांची लाट आली तेव्हा आपल्याकडच्या कितीतरी वाचकांनी ती पुस्तके दाहक पुरावा म्हणून वाचली, आणि पुरावा एकदा दाखल झाला की लेखकाजवळ आता सांगायला काय उरले, असा प्रश्न थंडपणे विचारला. ‘बलुतं’ १९७८ चे. बाबुराव बागूलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती!’ हा कथासंग्रह त्याच्या पंधरा वर्षे आधी, १९६३ मध्ये आलेला होता. त्या कथांच्या रचनेविषयी, त्यातल्या उद्रेकाला दिलेल्या आकाराविषयी जेवढे बोलले जायला हवे होते तेवढे बोलले गेले असे मला वाटत नाही. जीवनाचा दाह मान्य करायचा आणि कलाकृतीची कारागिरी दुर्लक्षायची, हा सन्मानाचा वेष घेतलेला अनादरच आहे.

आता दुसऱ्या बाजूकडे वळू. तिची तक्रार अशी की हे चित्रपट एकसारखे झाले आहेत: विमानतळावरचा निरोप, दोन भाषांमध्ये अडकलेले मूल, मायदेशी फोनवर बोलणारी आई, शेवटी परतीचा प्रवास आणि हळवे मौन. ही तक्रार पुष्कळ अंशी खरी आहे. मात्र तिच्यातून काढलेला निष्कर्ष चुकीचा आहे, कारण हा एकसारखेपणा लेखकांच्या कल्पनादारिद्र्यातून आला असे धरून चालताना निवड कोण करते याचा विसर पडतो. मीरा नायर १९९१ च्या ‘मिसिसिपी मसाला’साठी पैसे उभे करत असताना गोऱ्या नायकाला जागा करता येईल का, असे त्यांना विचारले गेले होते, चित्रपटातले वेटर सगळे गोरे असतील, असे त्यांनी उत्तर दिल्याचे त्या सांगतात. जवळजवळ तीन दशकांनंतर ‘द फेअरवेल’साठी निर्माते शोधणाऱ्या लुलू वांगलाही गोरे पात्र घालण्याचा सल्ला मिळाला. जे लेखक या चाळणीतून पार होतात त्यांनी काय शिकायचे असते? जे एकदा खपले तेच पुन्हा मांडायचे. दुसरी बाजू ज्याला बाजारूपणा म्हणते तो लेखकाच्या आधी खरेदीदाराचा आहे.

शिवाय, विशेष निधी आणि राखीव संधी बंद कराव्यात, गुणवत्ता आपोआप वर येईल, हा या बाजूचा आवडता उपाय इतिहासाला धरून नाही. १९८२ मध्ये सुरू झालेल्या ब्रिटनच्या चॅनल फोर या वाहिनीवर इतरत्र स्थान न मिळणाऱ्या समूहांसाठी कार्यक्रम करण्याची जबाबदारी सुरुवातीपासूनच होती, आणि ‘लाँड्रेट’ला पैसा त्याच वाहिनीने दिला. ते धोरण नसते तर कुरेशीची ती पटकथा कुठल्या बाजारात आपोआप वर आली असती? निधी हवा, हे मला निःसंशय मान्य आहे. आक्षेप आहे तो निधीच्या बदल्यात काय मागितले जाते, याला. वर्गीकरणाचे नियमही हीच मनोवृत्ती दाखवतात. ली आयझॅक चुंगचा ‘मिनारी’ हा अमेरिकेत घडणारा, अमेरिकन दिग्दर्शकाचा, अमेरिकन पैशाने केलेला चित्रपट. तरी त्यातले निम्म्याहून अधिक संवाद कोरियन भाषेत असल्यामुळे गोल्डन ग्लोबने २०२१ मध्ये त्याला परभाषी चित्रपटांच्या रांगेत बसवले आणि सर्वोत्तम नाट्यपटाच्या स्पर्धेतून तो बाद झाला. आर्कान्सामध्ये शेती करू पाहणाऱ्या कुटुंबाची कथा कोणत्या देशाची, हे तिथे शब्दसंख्येने ठरले.

तेव्हा विस्थापन पटकथेत नेमके कुठे असते? माझ्या मते ते दृष्टिकोनात असते, कोण कोणाकडे बघतो आहे यात असते. सेलीन साँग बारा वर्षांची असताना कोरियातून कॅनडाला गेली. २०२३ च्या तिच्या ‘पास्ट लाइव्हज’ची सुरुवात न्यूयॉर्कमधल्या एका बारमध्ये होते. तिथे एक कोरियन पुरुष, एक कोरियन स्त्री आणि एक गोरा पुरुष बसलेले दिसतात, आणि पडद्यावर न दिसणारे कुणी अनोळखी लोक त्या तिघांचे एकमेकांशी काय नाते असावे याचे अंदाज बांधताना ऐकू येतात. नायिका अजून एक शब्दही बोललेली नाही, तिची ओळख मात्र इतरांच्या तर्कात तयार होऊ लागली आहे. आणि प्रेक्षकही तेच तर्क करतो आहे, हे त्याला अस्वस्थपणे जाणवते. हा बारमधला प्रसंग आपल्या आयुष्यात घडला, असे साँगने सांगितले आहे. घडला म्हणून तो प्रभावी आहे का? तोच प्रसंग चित्रपटाच्या मध्यावर, नायिकेच्या बाजूने, तिच्या तक्रारीसह लिहिला असता तर तो तितकाच खरा आणि पुष्कळ कमी महत्त्वाचा झाला असता.

अनुभवाच्या मालकीचा दावा दोन्ही दिशांनी कोसळतो. १९७२ मध्ये इदी अमीनने युगांडातल्या आशियाई लोकांना नव्वद दिवसांत देश सोडायला लावला. त्या हकालपट्टीतून सुरू होणाऱ्या ‘मिसिसिपी मसाला’ची पटकथा सूनी तारापोरवाला यांनी लिहिली. त्या मुंबईच्या पारशी. युगांडातून कुणी त्यांना हाकलले नव्हते. हकालपट्टी झालेल्यांना आणि मिसिसिपीत मोटेल चालवणाऱ्या भारतीयांना भेटून, ऐकून त्यांनी ते जग उभे केले, आणि त्यात वंशद्वेषाचा बळी ठरलेल्या भारतीयांच्या मनातला काळ्यांविषयीचा द्वेषही झाकून ठेवला नाही. उलट दिशेचे उदाहरण रूथ प्रॉवर झाबवाला यांचे. १९२७ मध्ये कोलोनला ज्यू कुटुंबात जन्म, १९३९ मध्ये इंग्लंडला पलायन, १९५१ मध्ये लग्नानंतर दिल्ली, १९७५ नंतर न्यूयॉर्क. नातेवाइकांपैकी कितीजण नाझींनी मारले हे कळल्यावर वडिलांनी १९४८ मध्ये आत्महत्या केली. साक्ष मागणाऱ्याला यापेक्षा भरभक्कम चरित्र कुठे मिळणार? पण जर्मनीतल्या बालपणावर त्यांनी जवळजवळ लिहिलेच नाही. पटकथेची दोन ऑस्कर पारितोषिके त्यांना मिळाली ती ‘अ रूम विथ अ व्ह्यू’ आणि ‘हॉवर्ड्‌स एंड’साठी, म्हणजे विसाव्या शतकाच्या आरंभीच्या इंग्रज मध्यमवर्गावरच्या कादंबऱ्यांच्या रूपांतरांसाठी.

यावर एक गंभीर आक्षेप घेतला जातो. अशा पटकथा म्हणजे जुन्या साम्राज्याच्या सुबक घरांची आरास, आणि आपला भूतकाळ गिळून यजमानांच्या भूतकाळाची सेवा करणे. त्या चित्रपटांच्या मांडणीतला देखणेपणा पाहता आक्षेप अगदीच पोकळ नाही. पण ‘हॉवर्ड्‌स एंड’ची कथा कशावर फिरते? एक घर कोणाला मिळावे, यावर. मृत्युपत्राचा कागद जाळून हक्क नाकारणाऱ्यांवर. कथा मूळ कादंबरीकाराची आहे, हे खरे, पण एक देश, मग एक भाषा, मग आणखी एक देश मागे टाकलेल्या लेखिकेने वारशाचा तो तंटा ज्या थंड नजरेने पडद्यासाठी रचला त्यात विस्थापन नाही असे कोण म्हणेल? १९९३ च्या ‘द रिमेन्स ऑफ द डे’बद्दल तर हे अधिकच खरे आहे. अत्यंत इंग्रज समजल्या जाणाऱ्या त्या चित्रपटाचा कादंबरीकार काझुओ इशिगुरो नागासाकीत जन्मलेला, पटकथाकार कोलोनची, निर्माता इस्माईल मर्चंट मुंबईचा, दिग्दर्शक जेम्स आयव्हरी अमेरिकन. मालकाच्या घराला आपले घर समजून आयुष्य घालवलेला बटलर त्यांना इतका नीट दिसला, याचे मला आश्चर्य वाटत नाही.

व्यवहारात यातून काही मागण्या निघतात, आणि त्या फार क्रांतिकारक नाहीत. पटकथांची पहिली छाननी लेखकाचे निवेदन बाजूला ठेवून व्हावी. ‘तुम्हीच का’ हा प्रश्न विचारायचाच असेल तर तो श्रीमंत उपनगरातल्या घटस्फोटावर लिहिणाऱ्या स्थानिक लेखकालाही विचारावा. स्थलांतरित लेखकाच्या पहिल्या चित्रपटासाठी जेवढा निधी राखला जातो तेवढाच त्याच्या तिसऱ्या चित्रपटासाठी राखला जावा, कारण पहिल्यात बहुतेक जण आपली हकिगत सांगून मोकळे होतात आणि खरी वेळ येते ती त्यानंतर. आणि त्या तिसऱ्या पटकथेत विमानतळ नसेल, आजी नसेल, मायदेशाचा उल्लेखही नसेल, ती कुठल्याशा विमा-कंपनीतल्या अफरातफरीवर असेल, तर वाचणाऱ्याने लेखकाचा आवाज हरवल्याची खंत न करता अफरातफर नीट रचली आहे की नाही ते पाहावे.